लाडवाच्या डब्यातली चिठ्ठी

नारायणगाव, रविवार

चि. ओंकार यास अनेक आशीर्वाद.

लाडवाचा डबा ओट्यावरच ठेवून गेलास. विलासमामाबरोबर पाठवतोय, त्यातच ही चिठ्ठी. फोनवर बोललो तर माझा आवाज पुन्हा चढेल.

पासबुकात ३९९ च्या सहा नोंदी दिसल्या आणि मी सगळ्यांदेखत तुझा मोबाइल हिसकावला. तसं करायला नको होतं. काय बघतोस याचा राग नाही, वय आहे. रात्री झोपतोस ना, एवढंच सांग.

तू बघतोस त्यातलं एक रील ताईने मला दाखवलं. बाई पाठमोरी उभी, हात पदराच्या पिनेकडे जातो आणि तिथेच संपतं. बघणारा पुन्हा पहिल्यापासून बघतो. खाली 'पूर्ण व्हिडिओ टेलिग्रामवर'. तिथं पैसे भरले की 'उद्या रात्री अकराला लाइव्ह'. अरे, दाखवायचं काहीच नसतं, आता दाखवेल असं वाटत ठेवायचं! फेसबुकच्या झुकेरबर्गने २०१८ साली स्वतःच लिहिलंय म्हणे, मजकूर नियमाच्या रेषेच्या जितका जवळ, तितके लोक त्यात जास्त गुंततात. मालकालाच हे ठाऊक आहे, आणि तू सकाळी लाल डोळ्यांनी कॉलेजला जातोस.

बघ, लागलो पुन्हा. माफ कर.

चैत्रात अण्णा मला जत्रेतल्या तमाशाला न्यायचे. दौलतजादा चालायचा. दहाची नोट पुढे केली की बाई माईकवर नाव घ्यायची, गावासकट. एकदा कांदा विकून आलेले अर्धे पैसे अण्णांनी तिथेच संपवले. आजी काही बोलली नाही, नुसती चूल फुंकत राहिली. पण नाव घेतलं तेव्हाचा अण्णांचा चेहरा मी पाहिलाय, म्हातारपणीसुद्धा तसा कधी दिसला नाही. लाइव्हवर तिने 'थँक्यू ओंकारजी' म्हटल्यावर तुला काय वाटलं असेल, ते मला कळतं रे. त्या बाईंवरही माझा राग नाही, पोटासाठीच करत असतील. फक्त फड पहाटे ट्रकमध्ये सामान भरून पुढच्या गावाला निघायचा आणि अण्णा घरी येऊन झोपायचे. तुझ्या उशाशी तो रात्रभर चालू असतो.

विहिरीवरचा स्टार्टर तू बसवलास, तो अजून एकदाही ट्रिप झाला नाही. शेजारचे पाटील बघून गेले. मी सांगितलं, पोराने केलंय.

चिवडा डब्याच्या तळाशी आहे. आज किती वाजता झोपलास ते आईला कळव, मला नाही कळवलंस तरी चालेल.

तुझे,
बाबा