एका अनामिक उपशीर्षककारास

माननीय उपशीर्षककार,

सादर नमस्कार. आपले नाव मला ठाऊक नाही आणि हे मराठी पत्र आपल्यापर्यंत पोहोचण्याची शक्यताही फारशी नाही. तरीही आभार मानल्यावाचून राहवत नाही. नोकरीनिमित्त हो ची मिन्ह शहरात आल्यापासून, रात्रपाळी संपवून खोलीवर परतलो की झोप लागेपर्यंत उदास इंग्रजी गाणी ऐकण्याची मला सवय जडली आणि केवळ भाषेचा सराव व्हावा म्हणून मी आपली ‘व्हिएतसब’, म्हणजे त्या गाण्यांची व्हिएतनामी उपशीर्षके, वाचू लागलो.

इंग्रजीतल्या ‘आय’ आणि ‘यू’ यांना ना वय असते, ना नाते. व्हिएतनामीत मात्र कोण कुणाशी बोलत आहे हे ठरवल्याशिवाय ओळ सहसा पुढे सरकत नाही. प्रियकर ‘आन्ह’, म्हणजे शब्दशः थोरला भाऊ, आणि प्रेयसी ‘एम’, म्हणजे धाकटे भावंड! (मराठी कानाला हे विचित्र वाटते खरे; पण नवऱ्याला नुसते ‘अहो’ म्हणणाऱ्यांच्या वंशजांनी त्यावर हसू नये.) आपण उपशीर्षके दिलेल्या एका गाण्यातली गायिका स्वतःला अखेरपर्यंत ‘आय’च म्हणते. आपण मात्र तिला आधीच्या सगळ्या कडव्यांत ‘एम’ ठेवलेत आणि शेवटच्या कडव्यात तिच्या तोंडी ‘तोय’, म्हणजे कोरडा, परका ‘मी’, घातलात. एका सर्वनामासरशी ती त्या नात्यातून उठून गेली. रात्रीचे दोन वाजून गेले होते. ते कडवे मी पुन्हा पुन्हा लावले.

‘आय मिस यू’साठी आपण योजलेला ‘न्यो’ तर मला घरचाच वाटला, कारण लक्षात असणे आणि कुणासाठी जीव तुटणे हे दोन्ही अर्थ, आपल्या ‘आठवण येणे’प्रमाणेच, त्यात एकत्र नांदतात. ‘लव्ह’साठीही आपण प्रेमाचा नेहमीचा शब्द टाळून ‘थुओंग’ घेतलात. आमच्या घरमालकीणबाई नातवंडांविषयी बोलताना हाच शब्द वापरतात. त्यात मायाही आहे आणि कळवळाही.

व्हिएतनामीत स्वर चढला किंवा उतरला की अर्थ पालटतो, म्हणून तिथल्या गीतकाराला चालीशी जुळणारेच शब्द शोधावे लागतात. उपशीर्षक कुणी गात नाही. ही मोकळीक आपण किती जपून वापरलीत, हे गायिका नुसती गुणगुणते तिथे पडदा कोरा सोडलेला पाहून मला उमगले.

त्या कोऱ्या जागेबद्दल, आणि त्या ‘तोय’बद्दल, मनःपूर्वक आभार.

आपला कृतज्ञ,
एक मराठी श्रोता