सोडवायला ती काय कैदेत आहे?

प्रिय सुमे,

आधी शिव्या घालून घे, मग वाच. पाठ बरी आहे, ह्यांची शुगर जैसे थे. संपलं हेल्थ बुलेटिन.

तर माझी साओ पावलोच्या सलूनमधली लव्हस्टोरी. एडिटर म्हणतो, श्रीमंत गिऱ्हाईक हीरो कर, तो नायिकेला त्या नखं करण्याच्या कामातून "सोडवतो". अगं सोडवायला ती काय कैदेत आहे? इथे ब्राझीलमध्ये २०१६ साली कायदा आलाय, केस कापणारे, नखं करणारे, मेकअपवाले सलूनचे पार्टनर म्हणून काम करू शकतात, पैसे गल्ल्यात जमा आणि करारात ठरलेला टक्का ज्याचा त्याला. म्हणजे माझ्या नायिकेची स्वतःची गिऱ्हाइकं आहेत! ती प्रेमात पडते शेजारच्या खुर्चीवरच्या केस कापणाऱ्याच्या, आणि तो म्हणतो आपण आपलं सलून काढू. आता गिऱ्हाइकं कोणाची, टक्का कोणाचा, आणि भांडण झालं तर खुर्ची कुणी सोडायची? मला हे लिहायचंय. आणि सोमवारी बरीचशी सलूनं बंद असतात म्हणून माझे सगळे रोमँटिक सीन सोमवारी, शनिवारी बिचाऱ्यांना एकमेकांकडे बघायलाही फुरसत नाही.

'आवेनिदा ब्राझिल' बघ, इथली २०१२ ची टीव्ही मालिका. त्यात मोनालिसा सलूनवाली, फुटबॉलपटू तुफाँव तिचा होणारा नवरा. त्याच्या गाडीखाली एक माणूस येतो आणि हा अपराधी वाटून त्याच्याच विधवेशी लग्न करून बसतो. मोनालिसाचं मन मोडतं, पण दुकान चालूच राहतं गं! मला ते प्रेमापेक्षा जास्त आवडलं.

तू म्हणशील, लोकांना गोड शेवट आवडतो. तू म्हणणारच, एकांकिकेत माझी नायिका एसटीत बसून एकटी निघून जात होती, तर तू तिचं लग्न लावून मोकळी झालीस, वर बक्षीसही मिळालं! ते मी अजून माफ केलेलं नाही. पण खरी भीती ही आहे की एडिटर बरोबर असेल, टक्क्यांची भांडणं वाचायला कोण येणार?

काल माझी नखं करणारीला विचारलं, हीरो कसा हवा? कॉफीचा कप माझ्यापुढे सरकवत म्हणाली, आधी विचार त्याला स्वतःचं भाडं भरता येतं का. हे त्या एडिटरला कसं सांगू?

तुझ्या फ्लॅटचं पझेशन मिळालं का? सासूबाईंचे डोळे? चिनूला दहावीला ऑल द बेस्ट.

पहिला भाग पाठवतेय, शुक्रवारच्या आत वाचून फोन कर, एडिटरला उत्तर द्यायचंय.

तुझीच,
मंजी