जिंकलेला प्रांत पचवायचा कसा

प्रिय मंदार,

सप्रेम नमस्कार.

'युरोपा युनिव्हर्सालिस ४' या राज्यविस्ताराच्या कॉम्प्युटर गेममध्ये अजून काय उरलंय, असं तू विचारलंस. गेम २०१३ चा, त्याचा पाचवा भागही २०२५ मध्ये आला. तरी चौथा न सोडणारे पुष्कळ आहेत. कारण या गेममध्ये प्रांत जिंकणं सोपं, पचवणं महाकठीण.

डाव ११ नोव्हेंबर १४४४ ला, वार्नाच्या लढाईच्या दुसऱ्या दिवशी सुरू होतो. दख्खनेत बहमनी आहे, तुझा हात तिकडेच जाणार! पण आधी पोर्तुगाल घे. इबेरियात, म्हणजे स्पेन-पोर्तुगालच्या द्वीपकल्पात, त्याला शेजारी एकटं कॅस्टीलचं राज्य. त्याच्याशी दोस्ती ठेवलीस की समुद्र मोकळा. गेमचं घड्याळ थांबलेलं असतानाच प्रतिस्पर्धी निवड आणि तीन सल्लागार नेम, पण सर्वांत खालच्या, स्वस्त पातळीचेच. महागड्यांच्या पगारात खजिना आटतो.

सगळी गोम प्रशासकीय पॉइंटांत आहे. महिन्याला ३ ठरलेले, त्यावर राजाच्या कुवतीनुसार ० ते ६, वर सल्लागाराचे. तंत्रज्ञान, स्थैर्य, नव्या प्रांताचं 'कोअर' (तो पक्का आपला करून घेणं) या सगळ्यांना हीच एक थैली. कोअरला प्रांताच्या विकासाच्या दर एककामागे मुळात १० पॉइंट लागतात, आणि सुमारे तीन वर्षं. तोवर तो प्रांत ओव्हरएक्स्टेन्शनमध्ये, म्हणजे न पचलेल्या मुलखात, मोजला जातो. आकडा १०० टक्क्यांवर गेला की बंडांची रांग लागते. त्यात राजा ठोंब्या निघाला तर बघायलाच नको.

दुसरा फास अग्रेसिव्ह एक्स्पान्शनचा, म्हणजे तुझ्या विस्तारामुळे इतर राज्यांत साठणाऱ्या रागाचा. जवळचे आणि पराभूताचे धर्मबंधू जास्त चिडतात. कुणाच्या मनात हा आकडा ५० पार गेला की तो तुझ्याविरुद्धच्या आघाडीत शिरू शकतो, आणि हा आकडा उतरतो वर्षाला जेमतेम २ ने. म्हणून एका तहात थोडंच घे, पुढची लढाई दुसऱ्या दिशेला कर.

लढाईत नवखे हमखास एकच चूक करतात: पळणाऱ्या फौजेमागे डोंगरात शिरतात. तिथे हल्ला करणाऱ्याला लढाईच्या फाशावर पडलेल्या दानातून २ वजा होतात, नदी ओलांडावी लागली तर आणखी १. शत्रूला मैदानात उतरू दे. आणि लष्करी तंत्रज्ञानात मागे असशील तर युद्ध पुकारूच नकोस, संख्या दुप्पट असली तरी.

पहिला डाव 'आयर्नमॅन' या कडक खेळप्रकारात नको. त्यात मागचा सेव्ह उघडता येत नाही. १४६० पर्यंत पोचलास की कळव, डोक्यावर कर्ज किती आहे तेही लिही.

तुझा,
सुहास