काळडोहाची वही

गावभाग, सांगली

प्रिय दिल्या,

आपण दोघांनी रचलेल्या गोष्टीची दोनशे पानी वही सापडली! २०१९ च्या ऑगस्टात आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर गेलं, तेव्हा खालच्या खोलीतली पत्र्याची पेटी बुडाली होती. त्यातले कागद वाळवून गाठोडं बांधलं होतं, ते काल सोडलं. पानं चिकटलीत, कडेला गाळाची पिवळट रेघ आहे, शाई फुटून ढगासारखी पसरलीय. पण पहिल्या पानावरचं तुझं अक्षर शाबूत आहे : ‘काळडोह. इथे शिरणाऱ्याने घरच्यांचा निरोप घेऊन यावे.’

आठवतंय? ताऱ्यांमधला तो काळा पट्टा. आत एक घटका गेली की पृथ्वीवर बारा वर्षं. बारा हा आकडा तू कुंभमेळ्यावरून घेतलास. मूळ कल्पना माझ्या आजीच्या गोष्टीतली. ककुद्मी राजा रेवतीसाठी स्थळ विचारायला ब्रह्मदेवाकडे गेला, चालू असलेलं गाणं संपेपर्यंत थांबला, आणि इकडे २७ चतुर्युगं उलटली.

आपण मनानेच रचत होतो, तरी पाया खरा निघाला रे. गुरुत्वाकर्षण जास्त तिथे घड्याळ हळू, हे आइन्स्टाइनच्या १९१५ च्या सिद्धांतातून निघतं. तुझ्या फोनला रस्ता दाखवणाऱ्या उपग्रहांवरची घड्याळं सगळी वजाबाकी करून दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात, आणि ती दुरुस्ती करावीच लागते. कृष्णविवरापाशी हाच फरक अफाट होतो. आत पडणाऱ्याचं घड्याळ त्याच्यापुरतं नीट चालतं. लांबून बघणाऱ्याला मात्र तो हळू, आणखी हळू होत गेलेला दिसतो. त्याच्याकडून येणारा उजेड तांबडा होतो, मंदावतो आणि विझतो. विवराची सीमा, जिथून परत येता येत नाही, ती ओलांडताना तो कधीच दिसत नाही.

हे वाचलं आणि मी वही मिटून बसलो. दिल्या, आपण सगळी वही यानात बसून लिहिली. विजेचे लोळ, दात असलेले धूमकेतू, कप्तान इंदूचं धाडस. काठावर कोण उभं आहे, त्याची एक ओळही नाही.

रात्री आईला थोडं वाचून दाखवलं. ती शेंगा फोडत होती. हात थांबवून म्हणाली, “हरिपूरच्या संगमावर तुम्ही दोघं बुडी मारायचात, तेव्हा मी आकडे मोजायचे. वीसच्या पुढे गेलं की टॉवेल पिळत बसायचे, कोरडा असला तरी.” आपल्याला ती बुडी केवढीशी वाटायची! वर आल्यावर ती का ओरडायची, हे मला चाळिशी उलटल्यावर कळलं.

म्हणून इंदूच्या आईचं प्रकरण लिहायला घेतलंय. ती रोज रात्री दुर्बिणीला डोळा लावते. यान जागचं हलत नाही, फक्त त्याचा दिवा कालच्यापेक्षा तांबूस दिसतो. ती तारीख टाकते आणि झोपायला जाते. एवढंच घडतं, पण लिहिताना दोनदा उठून गच्चीवर जावं लागलं.

शेवटच्या पानावर इंदूला डोहात सोडून तू ‘क्रमशः’ लिहिलंस आणि बारावीनंतर पुण्याला गेलास. तिला बाहेर तूच काढ. मला ते जमणार नाही, आणि तुझ्यावाचून काढावंसंही वाटत नाही. दिवाळीला ये. आई आत्तापासून विचारतेय.

शेवटची १७ पानं कोरी आहेत. एकावर पेन चालवून पाहिलं, शाई फुटत नाही.

तुझा,
अव्या