पार्किंगमधल्या काकांना: तुमचा रुमाल माझ्याकडे राहिलाय

काका, नमस्कार.

तुमचं नाव मला माहीत नाही, नंबर नाही, गाडीचा नंबरसुद्धा बघितला नाही मी त्या गडबडीत. फक्त पांढरी गाडी होती आणि तुम्ही ड्रायव्हर होतात एवढं माहितीये, म्हणून हे असं सगळ्यांसमोर लिहितेय. तुमच्यापर्यंत पोचेल की नाही देव जाणे. तुम्ही असलं काही वाचत असाल असं वाटत नाही, पण तुमच्या घरातलं कोणी वाचलं आणि "अरे हे तर आपले बाबा" असं त्याला वाटलं तर बरं होईल.

तीन महिने झाले. लेक तेव्हा सहा महिन्यांची होती, इंजेक्शन देऊन आम्ही दवाखान्यातनं बाहेर आलो होतो, ती रडून रडून लाल झालेली, ऊन टळटळीत, नवरा कामावर आणि मी एकटी. एका हातात ती, खांद्यावर बॅग, फाईल दातात धरलेली (खरंच दातात). दार उघडलं आणि तिला कार सीटमध्ये (गाडीच्या सीटवर बेल्टने बांधतात ती बाळाची वेगळी सीट) ठेवण्यासाठी वाकले, आधाराला सीटच्या कडेवर हात टेकवला तर सगळी सीटच एका बाजूला कलली. हे रोजचंच होतं. मला वाटायचं असंच असतं.

शेजारच्या गाडीला टेकून तुम्ही उभे होतात. म्हणालात, "ताई, एक मिनिट, ती सीट हलतीये."

खरं सांगते काका, मला राग आला होता. कारण बाळ झाल्यापासून मला सल्ला दिला नाही असा माणूस उरला नव्हता. मांडीवर घे, पोराला बांधून कशाला ठेवतेस, आमची पोरं काय बिनसीटची वाढली नाहीत का, हे तर रोजचं. त्यामुळे तुम्ही तोंड उघडलंत तेव्हा मला वाटलं, झालं, अजून एक. पण तुम्ही पुढे काहीच बोलला नाहीत. माझ्या उत्तराची वाट बघत उभे राहिलात आणि मग विचारलंत, "बाळाला घेऊन सावलीत उभ्या राहता का, मी बघू का जरा?" बघू का, असं विचारलंत. आधी कोणी विचारलं नव्हतं.

आता ज्यांनी विचारलं नव्हतं त्यांच्याबद्दल थोडं बोलतेच, पोटात ठेवून काय करू. सीट घेतली तिथल्या मुलाने आमच्या गाडीत ती बसवून दिली होती, पाच मिनिटांत, एक डोळा फोनवर ठेवून. आधी तर म्हणाला पुढच्या सीटवर लावा मॅडम, बाळ तुम्हाला दिसत राहील. पुढे एअरबॅग आहे! मागे तोंड करून बसवलेल्या बाळाच्या डोक्यामागे ती फुटली तर काय होईल हे त्याला माहीत नसेल तर मग कोणाला माहीत असायचं? ते मी कुठेतरी वाचलं होतं म्हणून नको म्हणाले. मग त्याने मागे बसवली, बेल्टचा खट्ट आवाज आला, "क्लिक आला ना, झालं" म्हणाला आणि सही घेऊन गेला. नंतर सर्व्हिसिंगला गेलो तेव्हा तिथल्या माणसाला म्हटलं ही हलते हो थोडी, तर त्याने वरनं धरून एकदा हलवली, म्हणाला एवढं चालतं. घरी नवऱ्याला म्हटलं, तो म्हणाला अगं त्यांनी बसवलीये ना, त्यांना कळत असेल. (त्याच्यावर आता रागावून उपयोग नाही, त्याने त्याचं भोगलंय.) तीन जण झाले, आणि चौथी मी, कारण मॅन्युअल डिकीत पिशवीत तसंच पडलं होतं, ते मीही उघडलं नव्हतं. चार महिने आम्ही तशी गाडी चालवली. हायवेलासुद्धा.

तुम्ही आत डोकं घातलंत आणि दोन सेकंदांत बाहेर काढून म्हणालात, "बेल्ट लाल खाचेतनं गेलाय. तो निळ्यातनं पाहिजे."

मला आजही ते आठवलं की पोटात गोळा येतो. सीटवर दोन रंगांच्या खुणा असतात, बाळाचं तोंड मागे असेल तर बेल्ट निळ्या खुणांमधनं, तोंड पुढे असेल तर लाल. सीटवरच छापलेलं असतं, चित्रासकट, आणि मी रोज त्या चित्रावरनं तिचं दूध पुसत होते. सीट उलटी, बेल्ट सुलट्या सीटचा. म्हणजे बेल्ट होता, क्लिक होता, सही होती, पण धरून काहीच ठेवलेलं नव्हतं.

बाकी तुम्ही काय काय केलंत ते सगळं इथे लिहीत बसत नाही, प्रत्येक सीटचं वेगळं असतं, ज्याने त्याने आपापलं मॅन्युअल उघडावं. पण एक गोष्ट डोक्यात पक्की बसली. मी आपली सीट वरनं धरून हलवून दाखवत होते, आता पण हलतीये बघा काका, आणि तुम्ही म्हणालात, "वरनं हलणारच ती. जिथनं बेल्ट जातो तिथे धरा आणि मग हलवा." आणि माझा हात तिथे ठेवायला लावलात. तिथे ती हलली नाही. एक इंचाच्या आत हललं तर चालतं म्हणालात, ही तर अर्धा इंचपण नाही. म्हणजे सर्व्हिसिंगवाल्याने जिथे धरून "चालतं" म्हटलं होतं ती जागाच चुकीची होती. त्याचा चेहरा अजून डोळ्यांसमोर आहे माझ्या.

आता ज्यासाठी हे लिहायला बसले ते.

सीट घट्ट बसली, तुम्ही घामाघूम, शर्ट पाठीला चिकटलेला, मी म्हटलं चला झालं एकदाचं, आणि लेकीला आत ठेवायला पुढे आले. तुम्ही हात आडवा धरलात. "थांबा ताई." मग तुम्ही ते पट्ट्यांचं बकल, जे बाळाच्या पायांमध्ये येतं ना, ते चिमटीत धरलंत आणि त्याच्या लोखंडी जिभेला मनगटाची आतली बाजू लावून बघितलीत. बाळाच्या दुधाचा थेंब आपण मनगटावर टाकून बघतो तसं अगदी. चटका बसला असणार, कारण तुम्ही हात झटकलात. मग खिशातनं रुमाल काढलात, तुमच्या प्यायच्या बाटलीतलं पाणी त्याच्यावर ओतलंत, पिळलात आणि त्या बकलवर घडी करून ठेवलात. आणि आपण दोघं नुसते उभे राहिलो. दोन-तीन मिनिटं असतील. तुम्ही काही बोलला नाहीत, मी काही बोलले नाही, लेक तेवढ्यात रडायची थांबून तुमच्याकडे बघत होती. मग रुमाल उचललात, परत मनगट लावलंत, आणि म्हणालात, "आता ठेवा."

काका, तिच्या मांडीला दोनदा लाल डाग उठला होता त्याआधीच्या दोन आठवड्यांत. मला वाटलं होतं डायपरचं रॅश आहे. क्रीम लावत होते मी. उन्हात उभ्या गाडीतनं आल्यावर ती का किंचाळते हे मला कळलं नव्हतं, मला वाटायचं हिला सीटच आवडत नाही, आणि सगळे म्हणायचेच ना, बघ तिला नाही आवडत, घे मांडीवर. तिला सीट आवडत नव्हती असं काही नव्हतंच. तिला भाजत होतं.

चार महिन्यांत त्या सीटकडे बघणारे सगळे सीटकडे बघत होते. मीसुद्धा. तुम्ही तिच्या मांडीचा विचार केलात, जिला तुम्ही पाच मिनिटांपूर्वी पहिल्यांदा बघितलं होतं.

मग पट्टे. मी नेहमी दोन बोटं जातील इतके सैल ठेवायचे, तिला घट्ट होऊ नये म्हणून, आणि वर जाड जाकीट. तुम्ही जाकीट काढायला लावलंत, पट्टा ओढलात आणि तिच्या खांद्याच्या हाडाजवळ पट्ट्याला चिमटा काढून दाखवलात. चिमटीत पट्ट्याची घडी येत असेल तर सैल आहे, बोटं नुसती घसरली तर बरोबर. बोटं घसरली. थंडी असेल तर पांघरूण पट्ट्यांच्या वरनं घाला म्हणालात, खालनं नाही. जाड कपडा धक्क्याला चेपतो आणि तेवढा पट्टा सैल होतो, हे मला नंतर सुचलं. मी मध्येच विचारलं की तुम्हाला हे सगळं कसं माहीत, तर म्हणालात आधी ज्यांच्याकडे होतो त्यांची दोन पोरं मीच न्यायचो-आणायचो, पुस्तकातली चित्रं बघून शिकलो. आणि मग हसून म्हणालात, "गाडी मी रोज चालवतो ताई. ब्रेक किती जोरात लागतो मला माहितीये."

तेवढ्यात तुमचा फोन वाजला, तुमचे साहेब की मॅडम बाहेर आले असावेत, आणि तुम्ही गाडी काढून निघूनसुद्धा गेलात. मी "थँक्यू काका" म्हटलं ते काच वर गेल्यावर. ऐकू गेलं नसणार.

त्या रात्री मी ते मॅन्युअल पहिल्या पानापासनं वाचलं. मग अजून काय काय वाचत बसले, झोप येणार नव्हतीच. हे मागे तोंड करून बसवायचं डोकं स्वीडनमधल्या बर्टील आल्डमन नावाच्या प्राध्यापकांचं, 1960च्या दशकातलं. अमेरिकेच्या जेमिनी यानातले अंतराळवीर पाठीवर रेलून बसायचे ना, म्हणजे उड्डाणाचा जोर सगळ्या पाठीवर पसरतो, त्यावरनं त्यांना हे सुचलं म्हणे. बाळाचं डोकं जन्मतः अख्ख्या लांबीच्या पाव भाग असतं आणि मान अजून कच्ची, तोंड पुढे असेल तर झटक्यात ते डोकं मानेला ओढत पुढे जातं, मागे असेल तर सीटची पाठ सगळं झेलते. म्हणूनच युरोपातल्या बाळांच्या सीटसाठीच्या आर129 नियमात 15 महिन्यांच्या आत बाळाचं तोंड पुढे करायला परवानगीच नाही, आणि त्यानंतरही सीटच्या मर्यादेत बसतंय तोवर उलटंच ठेवा म्हणतात. आणि आम्हाला घरचेच सांगत होते, बिचारीला रस्ता दिसत नाही, कर ना सुलटी!

मांडीवर घे म्हणणाऱ्यांसाठी एक हिशोबही मांडला मी त्या रात्री, कागदावर, रागारागात. गाडी ताशी 50 किलोमीटरने चाललीये आणि सेकंदाच्या दहाव्या भागात थांबली, तर माझी सात किलोची पोर माझ्या हातांना जवळपास शंभर किलोची लागेल. शंभर किलो, अचानक. मी दहा किलोची पिशवी दोन जिने चढवते तेव्हा मध्ये थांबते. तो कागद फ्रिजवर लावलाय, आणि घरात मांडीचा विषय तेव्हापासनं निघालेला नाही.

नवऱ्याला दुसऱ्या दिवशी सकाळी खाली नेलं, तुम्ही घट्ट बसवलेली सीट सोडवली (सोडवताना जीव वर-खाली होत होता माझा) आणि त्याला म्हटलं, बसव. त्याला पाऊण तास लागला. लालमधनं घातला, मग निळ्यातनं, मग बेल्टला पीळ पडला, मग परत. मी काही बोलले नाही, तुमच्यासारखी नुसती उभी राहिले, म्हणजे प्रयत्न केला, दोनदा बोललेच. शेवटी बसली. मग त्याने बेल्टपाशी धरून हलवली, आणि बराच वेळ तिथेच वाकून राहिला. "आपण तिला घेऊन हायवेला गेलो होतो" एवढंच म्हणाला.

काका, तुम्हाला वेळ होता म्हणून तुम्ही केलंत असं कोणी म्हणेल. वेळ त्या सर्व्हिसिंगवाल्यालाही होता, चहा पीत होता तो. आणि लोक म्हणतात हल्ली कोणी कोणाच्यात पडत नाही, तर पडतात की, फुकटचे सल्ले द्यायला तर रांग लागते. तुम्ही मात्र विचारून पडलात, काम केलंत आणि घाम पुसायचा रुमाल बकलवर ठेवून तसेच ओल्या कपाळाने निघून गेलात. अशा माणसांचा आपल्याला पत्ता नसतो हीच पंचाईत आहे, बाकीच्यांची पावतीवर सही आहे माझ्याकडे.

मागच्या आठवड्यात नऊ महिन्यांच्या इंजेक्शनला परत तिथेच गेलो. मी अर्धा तास आधी पोचले, पार्किंगमध्ये सगळ्या पांढऱ्या गाड्या बघत फिरले, लेकीला कडेवर घेऊन. दोन ड्रायव्हरांना विचारलंसुद्धा, ते म्हणाले नाव काय, आणि तिथेच अडलं.

रुमाल निळ्या चौकडीचा आहे, एका कोपऱ्याची शिवण उसवलेली. घरी पोचल्यावर लेकीला उचलताना तिच्या पायापाशी सापडला, वाळून कडक झालेला. धुवून, इस्त्री करून गाडीच्या पुढच्या खणात ठेवलाय, मॅन्युअलबरोबर. कोपरा शिवला नाही, तुमचा आहे, तुम्हाला ओळखू आला पाहिजे. बकलसाठी मी दुसरा फडका ठेवलाय.