अनवट इंग्रजी शब्दांचे उच्चार छापताना

माननीय संपादक महोदय,
स.न.वि.वि.

आपल्या दैनिकातील अनवट इंग्रजी शब्दांचे सदर बेळगाव, खानापूर, निपाणी परिसरातल्या मराठी शाळांत आवडीने वाचले जाते आणि फळ्यावरही उतरवले जाते. छापून आलेला उच्चार मुले प्रमाण मानतात, म्हणून त्याविषयी थोडे सविस्तर लिहीत आहे.

मूर्तिमंत उदाहरण या अर्थाच्या शब्दाचा उच्चार मध्यंतरी 'एपिटोम' असा छापला गेला. तो 'इपिटमी' असा असून जोर 'पि'वर येतो. दहावीची मुले अतिशयोक्ती अलंकाराला 'हायपरबोल' म्हणतात, तेथेही 'हायपर्बली' हवे आणि जोर 'पर्'वर. हे शब्द मूळचे ग्रीक असल्याने 'कटॅस्ट्रफी', 'अपॉस्ट्रफी' यांच्याप्रमाणे त्यांचा शेवटचा 'ई' मुका राहत नाही. एवढे एक वाक्य सदरात आले असते, तर मुलांना चार शब्दांची किल्ली एकदम सापडली असती. मराठीत आघाताने सहसा अर्थ बदलत नाही, त्यामुळे तो दाखवण्याची आपल्याला सवय नाही. पण इंग्रजीत जोर चुकला तर ओळखीचा शब्दही ऐकणाऱ्याला कळत नाही. जोराचे अक्षर ठळक छापायला जागाही जास्त लागत नाही.

देवनागरीच्या मर्यादाही सांगायला हव्यात. लेखणी आणि वेदना या दोन्ही अर्थांचे इंग्रजी शब्द आपण 'पेन' असेच लिहितो. कन्नड लिपीत ऱ्हस्व आणि दीर्घ 'ए'साठी वेगळी चिन्हे असल्याने हा फरक तेथे सहज दिसतो, आणि सीमाभागातील आपली मुले ती लिपी शाळेतच शिकतात. उलट 'व' आणि 'व्ह' हा भेद दाखवण्याची सोय मराठीत चांगली आहे. दोन्ही लिपी येणाऱ्या मुलाला कंसात कन्नड अक्षर दिले तर बिघडले कोठे? भाषेचा वाद आपल्या जागी राहो, उच्चार शिकताना तो आड येण्याचे कारण नाही.

मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्र बेळगावातच असल्याने 'कर्नल' हा शब्द इथल्या मुलांच्या कानावर असतो, मात्र त्याचे स्पेलिंग पाहून ती बुचकळ्यात पडतात, कारण त्यात 'आर' नावालाही नाही. फ्रेंचमधून 'र'चा उच्चार टिकला आणि स्पेलिंग पुढे इटालियन रूपाकडे वळले, असा हा प्रकार आहे. आपण ज्याला सरसकट कॅम्प म्हणतो त्याच्या इंग्रजी नावाचा ब्रिटिश उच्चार 'कॅन्टूनमेंट' आहे, अमेरिकन 'कॅन्टोनमेंट'. अशा वेळी कोणता उच्चार दिला आहे, हे सदरात नमूद व्हावे.

अर्थाच्या बाबतीत एका शब्दापुढे एकच प्रतिशब्द देण्याची रीत मला पुरेशी वाटत नाही. 'नॉयसम' म्हणजे गोंगाटाचा, असा तर्क कोणीही करील, पण त्याचा अर्थ दुर्गंधीयुक्त, किळसवाणा. 'एनर्व्हेट' एनर्जीच्या जवळचा वाटतो, अर्थ मात्र शक्ती हरण करणे. एखादे साधे वाक्य जोडल्याशिवाय असे शब्द मनात पक्के बसत नाहीत. रोज पाच शब्द देण्याऐवजी दोनच द्यावेत, पण जोर, वाक्य आणि उच्चाराचा देश यांसह द्यावेत, ही विनंती.

आपला,
एक नियमित वाचक
टिळकवाडी, बेळगाव