आमच्या नाटकाच्या बसच्या ड्रायव्हरला, अण्णांना

ती. अण्णांना,
सा. न.

फोनवर आभार मानू नकोस, लिहून मान, असं आईने बजावलं. म्हणाली, "त्यांना आजवर कुणी पत्र लिहिलं नसेल." म्हणून लिहिते आहे, आणि चारचौघांना वाचता येईल असं लिहिते आहे. नाटकाच्या जाहिरातीत लेखक, दिग्दर्शक, नेपथ्य, प्रकाश, संगीत, सूत्रधार अशी सगळ्यांची नावं येत. बस चालवणाऱ्याचं नाव मी कधी वाचलं नाही. कपडेपट सांभाळणाऱ्या बाईचं, म्हणजे माझ्या आईचंही नाही. तुम्ही दोघांनी पंचवीस वर्षं त्या एका बसमधून महाराष्ट्र आणि गोवा पालथा घातलात.

तुम्हाला सगळं ठाऊक आहे, तरी वाचणाऱ्यांसाठी थोडं मागचं सांगते. 8 ऑगस्ट 2024 च्या रात्री कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. शाहू महाराजांनी 1915 साली उभं केलेलं पॅलेस थिएटर ते. आई टीव्हीसमोरून उठायलाच तयार नव्हती. गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यापासून ती डोंबिवलीच्या घराबाहेर फारशी पडली नव्हती. पहाटे कधीतरी म्हणाली, "तिथल्या रंगपटात खिडकीखाली माझा इस्त्रीचा टेबल असायचा." आणि चार-आठ दिवसांनी एकदम म्हणाली, "मला एकदा सगळीकडे जाऊन यायचंय. थिएटरं नको दाखवूस. आपण जिथे जेवायचो तिथे ने."

मी कामाला लागले. पण आईला एकाही हॉटेलचं नाव सांगता येईना. "ती नाही का, पायऱ्या उतरून खाली जायचं ती." "जिथली मावशी ताकाला जिरं लावायची ती." अशा पत्त्यांवर गाडी कशी न्यायची? मग तुमचा नंबर शोधला. तुम्ही वाईला शेतावर होता. मी आईची वर्णनं वाचून दाखवत गेले आणि तुम्ही तिकडून एकेक गाव सांगत गेलात. गाव, रस्ता, कुठल्या बाजूला, किती वाजेपर्यंत. वहीची तीन पानं भरली. मी एवढंच विचारलं होतं की हे कुठे असेल. तुम्ही पुढच्या पंधरा दिवसांत ओळखीपाळखीच्या माणसांना फोन लावून कोणती जागा चालू आहे आणि कोणती बंद पडली तेही काढून ठेवलंत. आणि जानेवारीत, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी, एसटीने डोंबिवलीला येऊन माझ्या गाडीची किल्ली मागून घेतलीत.

मला आधी वाटलं होतं, नाटकवाले म्हणजे सगळे मिळून जेवत असतील. तसं नव्हतं, हे या प्रवासात कळलं. प्रयोग संपला की नट मंडळींना आयोजकांच्या घरी पाहुणचार असायचा. बॅकस्टेजवाले मात्र सेट उतरवून, पेट्या भरून, बसच्या टपावर चढवून मोकळे होईपर्यंत रात्रीचा एक-दीड वाजलेला. त्यांनी कुठे जेवायचं? तर प्रयोगाच्या आधी, गावात शिरतानाच, तुम्ही बस खानावळीपाशी उभी करायचात आणि आत जाऊन सांगायचात, "रातच्याला बारा माणसं हायेत, चूल ठेवा." म्हणजे आम्ही सहा दिवस जी ठिकाणं फिरलो तो बॅकस्टेजवाल्यांचा महाराष्ट्र होता, आणि तो फक्त तुमच्या डोक्यात होता.

पहिल्याच दिवशी तुम्ही एक्स्प्रेसवे धरला नाहीत. जुन्या रस्त्याने खोपोलीत शिरलात, रमाकांतचा वडा घेतलात. एक्स्प्रेसवे 2002 साली पुरता सुरू झाला आणि मुंबई-पुण्याच्या गाड्यांना खोपोलीत उतरायचं कारण उरलं नाही. पण त्याआधी घाट चढण्याआधीचा तो सगळ्यांचा थांबा होता. इंजिनला पाणी, माणसांना वडा. आईने वडा हातात घेतला, फोडला, वाफेवर नाक धरलं आणि मगच खाल्ला. मी विचारलं तर म्हणाली, "बसमध्ये थंडी वाजायची, म्हणून आधी वाफ घ्यायचो." आणि घाटात तुम्ही मला सांगितलंत, घाट ज्या गियरमध्ये चढतो त्याच गियरमध्ये उतरायचा. मी वीस वर्षं गाडी चालवते आहे, हे मला कुणी शिकवलं नव्हतं.

पुण्यात तुमची घाई पाहून मला नवल वाटलं होतं. बादशाही बोर्डिंगला गर्दी व्हायच्या आत पोचायचं म्हणून तुम्ही लोणावळ्यात चहासुद्धा घेऊ दिला नाहीत. 1932 पासूनचं बोर्डिंग, टिळक रस्त्यावर. पानात वाढलेलं सगळं साधं, आणि आग्रहही साधाच, "पोळी?" एवढाच. आई डाव्या बाजूची कोशिंबीर आधी संपवते ही सवय तिला तिथे लागली म्हणे. संध्याकाळी लक्ष्मी रस्त्यावर पूना गेस्ट हाऊस. मूकपटांच्या काळातले दिग्दर्शक नानासाहेब सरपोतदार यांनी 1935 साली सुरू केलेलं. साबुदाणा वडा आणि चहा घेऊन आम्ही उठणार, तर आई जिन्याकडे पाहत बसलेली. बालगंधर्वला दुपारचा प्रयोग झाला की रात्रीच्या प्रयोगाआधी मधला वेळ इथे काढायचा, मांडीवर एखादा अंगरखा उसवून पुन्हा शिवत, असं तिने सांगितलं. पुण्याबद्दल एवढं पुरे. पुण्यातल्या जागांवर पुष्कळ लोक लिहितात.

कराडच्या अलीकडचं मात्र लिहायलाच हवं. आईला सगळ्यात जास्त ओढ त्या खानावळीची होती, ताकाला जिरं लावणाऱ्या मावशींची. ती राहिली नाही हे तुम्हाला फोन करून आधीच कळलं होतं. रस्ता रुंद झाला त्यात गेली. तुम्ही आईला ते घरी सांगितलं नाहीत, वाटेतही सांगितलं नाहीत. सर्व्हिस रोडला गाडी घेतलीत, एका चिंचेखाली थांबवलीत, तिच्या बाजूचं दार उघडलंत आणि म्हणालात, "ताई, हितं व्हती. आता न्हाय. उतरा जरा." आई काठी टेकत उतरली. समोर नुसता खणलेला रस्ता, खडीचे ढीग, धुळीने पांढरी झालेली झाडं. तुम्ही हाताने दाखवत गेलात. हितं चूल, हितं पाण्याचा रांजण, हितं आपली गाडी उभी राहायची. आणि मग डिकीतून थर्मास काढलात. त्यात ताक होतं, जिरं लावलेलं. वाईहून निघताना तुमच्या घरातून करून आणलेलं, प्रवासाला निघायच्या आदल्या रात्री डोंबिवलीत आमच्या फ्रीजमध्ये ठेवलेलं, मला न सांगता. अण्णा, त्या ताकाबद्दल तुमचे आभार कसे मानायचे ते मला अजून कळलेलं नाही. आई तुमच्यासमोर रडली नाही. गाडीत बसल्यावर मागच्या सीटवर माझा हात धरून ठेवला, पार इस्लामपूर फाट्यापर्यंत.

सांगलीला आपण तासभरच थांबलो, भडंगाच्या पुड्या घेतल्या. विष्णुदास भाव्यांनी 1843 साली 'सीता स्वयंवर' केलं ते हे गाव, म्हणून आईने गाडीतून उतरून जमिनीला हात लावून नमस्कार केला. दौऱ्यावर ती दर वेळी करायची तसा.

कोल्हापुरात दोन दिवस राहायचं हे तुम्ही ठरवलंत ते फार बरं झालं. केशवरावच्या आत जाता येत नव्हतं. आई रस्त्यावरून पाहत उभी राहिली. तुम्ही तिला तिथे फार वेळ उभं राहू दिलं नाहीत, "चला, कट संपंल" म्हणून बावड्याला नेलंत. कसबा बावड्यातली ती मिसळ 1923 पासूनची. मटकी, फरसाण, वर कट आणि पावाचे जाड काप. पुण्यात ज्याला सँपल म्हणतात त्याला इथे कट म्हणायचं, हे आईने मला आधीच पढवून ठेवलं होतं. तिने कट दोनदा मागून घेतला. ऑपरेशननंतर तिने काही दुसऱ्यांदा मागून खाल्लेलं मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं.

संध्याकाळी गंगावेशीतला दूधकट्टा. हा मी कधीच पाहिला नव्हता. रस्त्याच्या कडेला म्हशी बांधलेल्या, गवळी खाली उकिडवा बसून धार काढतो, आणि तुमच्या डोळ्यांदेखत पेला भरून हातात येतो. दूध कोमट असतं, अंगाच्या उबेएवढं, आणि वर बोटभर फेस. तालमीतल्या पैलवानांसाठीची ही सोय सगळ्या गावाची झाली. आई फेसाची मिशी पुसत म्हणाली, "पहिल्या घंटेच्या आधी एक पेला प्यायचा. मग रात्री दीडपर्यंत भूक लागायची नाही." मी पिताना मागे एक म्हैस शांतपणे रवंथ करत उभी होती आणि तिच्या मागे ट्रॅफिक तुंबलेलं. कुणी हॉर्न वाजवत नव्हतं.

आणि मग आंबोली उतरून सावंतवाडी. ज्यासाठी मी हे पत्र मुळात लिहायला घेतलं ते इथलं आहे.

भालेकरांच्या खानावळीत आपण दुपारी शिरलो. माशाची आमटी, तळलेला तुकडा, भात, सोलकढी. टेबल रिकामी होती. तुम्ही आईला भिंतीकडच्या खुर्चीवर बसवलंत आणि स्वतः दाराकडे तोंड करून बसलात. मी म्हटलं, "अण्णा, इकडे पंख्याखाली या ना." तुम्ही आला नाहीत. तेव्हा आई म्हणाली, "ते तिथेच बसतात. ते कायम तिथेच बसले आहेत."

ती तेव्हा तीस वर्षांची होती, अख्ख्या बॅकस्टेजमध्ये एकटी बाई. रात्री दीड वाजता हायवेवरच्या खानावळीत जेवायला बसायचं, आसपास ट्रकवाले, कधी प्यायलेली माणसं. काही ठिकाणी पडदा लावलेली फॅमिली रूम असायची, पुष्कळ ठिकाणी नसायची. पहिल्या दौऱ्यात पहिल्या रात्री ती जेवलीच नाही, बसमध्ये पेट्यांवर झोपून राहिली. दुसऱ्या रात्री तुम्ही बसमध्ये येऊन म्हणालात, "ताई, तुम्ही भिंतीकडं बसा, मी दाराकडं बसतो." बस्स, एवढंच. पुढे पंचवीस वर्षं तुम्ही दाराकडे बसलात. तुमचं जेवण आधी झालं तरी तिचं होईपर्यंत उठला नाहीत. दिवसभर गाडी हाकून, पुढे पहाटेपर्यंत हाकायची असताना.

हे मला आजवर माहीत नव्हतं. मला एवढंच माहीत होतं की आई दौऱ्यावर जाते आणि मी आजीकडे असते. परत आली की डब्यातून कंदी पेढे निघायचे, भडंग, मालवणी खाजा, कधी पणजीचे काजू. खाऊ खायचे आणि तिच्याशी अबोला धरायचे. तो खाऊ तुम्ही आणायचात हेही सावंतवाडीतच कळलं. सेट उतरवेपर्यंत बाजार बंद होतो म्हणून तुम्ही प्रयोग सुरू असताना जाऊन घेऊन यायचात आणि तिच्या पेटीत ठेवायचात. तिला नाइटचे, म्हणजे दर प्रयोगामागे, मोजके पैसे मिळत, म्हणून तुम्ही पैसे सांगायला विसरायचात. तिने तिथेच बोटांवर हिशेब करायला घेतला तेव्हा तुम्ही सोलकढीची वाटी तिच्यापुढे सरकवलीत आणि मोती तलावाबद्दल बोलायला लागलात.

पणजीत आपण सकाळी कॅफे भोसलेला मिक्स भाजी आणि पाव खाल्ला, दुपारी 1913 पासूनच्या कॅफे टॅटोला पुन्हा भाजीच. पातळ भाजीत सुकी मिसळायची की वेगवेगळी खायची यावर तुमचं आणि आईचं वाजलं. तुम्ही वेगवेगळी म्हणालात, ती मिसळायची म्हणाली. शेजारच्या टेबलावरच्या आजोबांनी कोंकणीत तुमची बाजू घेतली. इतक्या वर्षांनी तिला कुणाशी तरी जेवणावरून भांडताना पाहून मला फार बरं वाटलं.

येताना कोकणातून आलो, त्या रस्त्याबद्दल बोलायचं नाही असं आपलं ठरलं आहे.

अण्णा, ती तीन पानं मी स्वच्छ अक्षरात उतरवून काढली आहेत. बंद पडलेल्या जागाही ठेवल्या आहेत, चिंचेच्या खुणेसकट. तुम्ही सांगितलेल्या वेळाही लिहिल्या आहेत. अजून सोलापूर, नगर, नाशिक बाकी आहे असं आई रोज म्हणते. गुडघा अजून दुखतो तिचा, पण सकाळी गच्चीवर चार फेऱ्या मारायला लागली आहे.

आणि तिने तुमच्यासाठी गोधडी शिवायला घेतली आहे. कपडेपटातून निवृत्त होताना तिला जुन्या, विरलेल्या पोशाखांचे तुकडे घरी नेऊ दिले होते. शालूचे काठ, अंगरख्यांची अस्तरं, राजाच्या शेल्याची मखमल. अठरा वर्षं ट्रंकेत पडून होते. आता रोज दुपारी टाके घालत बसते. मखमलीचा तुकडा मधोमध घेतला आहे. पुढच्या महिन्यात एसटीच्या पार्सलने वाईला पाठवते. पोचली की फोन करा.

आईचा नमस्कार. वहिनींना ताकाबद्दल वेगळा नमस्कार.

तुमची,
कपडेपटवाल्या ताईंची मुलगी